वाटेवर, असिनिबोया

बाळांनो, या पाकिटात आपल्या घराण्याची वंशावळ आहे. जाड कागदावर, माझ्या अक्षरात. काही नावांखाली जन्मठिकाणाच्या जागी लहान पांढऱ्या चिठ्ठ्या दिसतील. त्या फक्त वरच्या कडेला चिकटवल्या आहेत, खालची बाजू मोकळी आहे. हा माझा आळस नव्हे. चिठ्ठी ओढून काढू नका. बोटाने वर उचला आणि खाली काय लिहिलं आहे तेही वाचा. असं का केलं ते सांगण्यासाठी हे लिहिते आहे. तुमच्यातली एक बर्नाबीत, दोघं स्कारबरोत, आणि व्हिडिओ कॉलवर पाच मिनिटं झाली की तिघांचीही नजर दुसरीकडे वळते. कागदाला घाई नसते. मराठी वाचायला जड गेलं तर आईबाबांना वाचून दाखवायला सांगा. त्यांचीही उजळणी होईल.

आजोबांची नोकरी संपली तेव्हा सगळे म्हणाले, आता मुलांजवळ जाऊन राहा. आम्ही सस्कॅचेवानमधलं हे लहान गाव सोडलं नाही. क्वापेल नदीचं खोरं, मागे बोडक्या टेकड्या, एक ग्रोसरीचं दुकान, बर्फावर दगड सरकवायच्या खेळाचं एक कर्लिंग रिंक आणि जुन्या रेल्वे स्टेशनात थाटलेलं एवढंसं म्युझियम. इथे मराठी बोलणारी माणसं दोनच, आणि ती दोघंही एकाच घरात. आठ वर्षांपूर्वी म्युझियमच्या बाईंनी गावच्या पत्रकात छापलं होतं की जुनं हस्ताक्षर वाचता येणारं कुणी हवं आहे. मला वाटलं, काही गूढ लिपी असेल. जाऊन बघते तर साधं इंग्रजी, फक्त जोडून लिहिलेलं.

"हे तुम्हाला वाचता येतं?" बाईंनी विचारलं. त्या तिशीच्या आहेत, हुशार आहेत, पण शाळेत त्यांना छापील अक्षरांपलीकडे फारसं काही शिकवलेलं नव्हतं.

मी उभ्या उभ्या पानभर वाचून दाखवलं. यवतमाळच्या मिशन शाळेत आम्ही चाररेघी वहीत टाकाने लिहायचो. वर जाताना बारीक, खाली येताना जाड. शाईचा डाग पडला तर पूर्ण पान पुन्हा. माझी वही शाळा तपासायला आलेल्या साहेबांना दाखवत असत. हे मी फुशारकीने सांगत नाही असं म्हटलं तर खोटं ठरेल. फुशारकीनेच सांगते आहे. इंग्रज साहेबाची भाषा त्याच्यासारखी लिहायला मी सातासमुद्रापलीकडे शिकले, पण त्याची स्वतःची पतवंडं ते वाचू शकत नव्हती, आणि मी वाचत होते.

त्या तीन काळ्या वह्या होत्या. इथल्या पहिल्या नोंदणी कारकुनाने जन्म, लग्नं आणि मृत्यू त्यांत लिहून ठेवलेले. अक्षर देखणं. एका हिवाळ्यात त्याने मध्येच पेन्सिल धरली आहे आणि कडेला लिहिलं आहे, शाई गोठली. ते मी घरी येऊन आजोबांना सांगितलं तेव्हा ते म्हणाले, "आणि आपण गाडीला विंटर टायर लावायचे म्हणून कुरकुर करून राहिलो."

प्रत्येक पानाच्या डोक्यावर मात्र सस्कॅचेवान हे नाव नव्हतं. तिथे होतं असिनिबोया.

हे काय प्रकरण आहे ते थोडक्यात सांगते. ब्रिटिश साम्राज्य या बाजूला पश्चिमेकडे सरकत होतं. एका व्यापारी कंपनीच्या ताब्यातला अफाट मुलूख सरकारने घेतला, पट्टी ठेवून नकाशावर सरळ रेघा ओढल्या आणि चार जिल्हे पाडले. त्यांतला एक असिनिबोया. कंपनीकडून सरकारकडे, हे आपल्याला ओळखीचंच आहे. तो जिल्हा जेमतेम तेवीस वर्षं टिकला. मग पुन्हा पट्टी फिरली, नवे प्रांत झाले आणि असिनिबोया जिल्हा नकाशावरून पुसला गेला. एवढं आयुष्य तर आमच्या घरच्या शिवणयंत्राचंही आहे.

मी या सगळ्या नोंदी कॉम्प्युटरवर चढवू लागले. नाव, तारीख, ठिकाण, प्रांत. पहिल्याच आठवड्यात मी एक सुधारणा केली. जिथे असिनिबोया होतं तिथे सस्कॅचेवान लिहायचं. आजच्या माणसाला शोधायचं तर आजचं नाव हवं, असा माझा विचार. ठिकाणाच्या रकान्यासाठी मी आजच्या गावांची यादीच करून दिली, म्हणजे कुणालाही हाताने टाइप करायला नको आणि चुका व्हायला नकोत. म्युझियमच्या बाई म्हणाल्या, आमच्याकडे एवढं नेटकं काम कधी कुणी केलं नव्हतं. मला ते ऐकायला आवडलं.

ही सवय कुठून आली तेही मला ठाऊक आहे. माझा जन्म यवतमाळचा, मध्यप्रांत व वऱ्हाड या प्रांतातला. मला नीट बसता येऊ लागलं तोवर तो प्रांत मध्य प्रदेश झाला होता. दुसरीत असताना एके सकाळी आमच्या बाईंनी सगळ्यांना वह्या काढायला सांगितल्या. पत्त्यातलं मध्य प्रदेश खोडायचं आणि मुंबई राज्य लिहायचं. पट्टी धरून एकच रेघ, गिरगट नाही. माझी रेघ सगळ्यांत सरळ आली आणि बाईंनी माझी वही वर्गात फिरवली. चार वर्षांनी मुंबई राज्य खोडून महाराष्ट्र लिहिलं तेव्हाही माझीच वही फिरली. माझी आत्या म्हणायची, "आम्ही ओसरीवरून हललो नाही आणि चार राज्यं फिरून आलो." मी मात्र एवढंच शिकले की जुनं नाव नीट खोडता आलं पाहिजे.

तर गेल्या वर्षी गावाने ठरवलं की टेकडीच्या पायथ्याशी, जुनी गाडीवाट जिथून जात होती तिथे, एक दगड उभारायचा. प्रांत होण्याआधी इथे जन्मलेल्यांची नावं आणि ठिकाणं त्यावर कोरायची. नावांची यादी म्युझियमने द्यायची, म्हणजे मी. मी माझ्या तक्त्यातून ज्यांच्या सगळ्या रकान्यांत माहिती होती ती नावं घेतली, अर्धवट नोंदी वगळल्या आणि स्वच्छ छापून दिली. यादी समितीने मंजूर केली आणि दगड कोरणाऱ्याकडे गेली.

त्यानंतर आमच्या समोरच्या घरातल्या बाई म्युझियमात आल्या.

त्यांना तुम्ही पाहिलं आहे. उन्हाळ्यात आलात तेव्हा त्यांनी तुम्हाला पिकअपच्या मागे बसवून अंगणात फिरवलं होतं. शहाऐंशी वर्षांच्या आहेत आणि अजून आपल्या ड्राइव्हवेवरचा बर्फ स्वतः फावड्याने काढतात. त्या मेटी समाजाच्या. इथल्या आदिवासी आया आणि बाहेरून आलेले फ्रेंच, स्कॉटिश बाप, यांच्या संसारांतून उभा राहिलेला हा समाज. जमिनीचे नंबर टाकून तुकडे पाडले गेले तेव्हा यांच्या हाती फारसं काही लागलं नाही. पुष्कळ जण सरकारी रस्त्यासाठी सोडलेल्या पट्ट्यात लाकडी खोल्या बांधून राहिले. समोरच्या बाईंचं लहानपण तशाच खोलीत गेलं.

मला त्या मास्तरीणबाई म्हणतात, कारण एकदा मी त्यांच्या फाटकावरच्या पाटीतली चूक दाखवली होती.

"मास्तरीणबाई, तुझ्या यादीत माझी आजी आहे का बघ."

त्यांनी आजीचं नाव सांगितलं. मी शोधलं. नव्हतं.

"कुठे जन्मल्या होत्या त्या?"

"वाटेवर. बैलगाडीत. आजी नेहमी म्हणायची, मी असिनिबोयात वाटेवर जन्मले. शाळेत आम्ही तसं सांगितलं तर बाई म्हणाल्या, तुझी आजी गोष्टी रचून सांगते. घरीसुद्धा पुढे कुणी मनावर घेईना. मला वाटलं, दगडावर आली तर तिचं खरं होईल."

मी पुन्हा शोधलं. आडनावाने आणि ठिकाणाने, दोन्ही तऱ्हांनी. "अशी नोंद नाही," मी म्हटलं. माझा आवाज अगदी कचेरीतल्यासारखा आला असणार.

"असू दे," त्या म्हणाल्या. "सवय आहे." आणि हातमोजे चढवून निघून गेल्या.

मी घरी आले. चहा केला. आजोबा खिडकीशी बसून चिमण्यांना दाणे कमी पडले का ते बघत होते. मी त्यांना झालेलं सांगितलं.

"वाटेवर?" ते म्हणाले. "पण तूच तर मला सांगितलं होतंस ना, त्या गोठलेल्या शाईवाल्याने कुणा मुलीबद्दल लिहिलंय. आई आणि मूल त्याच दिवशी पुढच्या प्रवासाला निघाली म्हणून. मी म्हटलं होतं, आपल्या सुनेला आठवडाभर कुणी उठू दिलं नव्हतं."

मी कप खाली ठेवला. सांगितलं होतं. मी ती नोंद वाचली होती, तिचं नवल केलं होतं आणि मग तक्त्यात चढवताना ठिकाणाच्या रकान्यात वाट हे गाव सापडेना, म्हणून तो रिकामा सोडला होता. प्रांताच्या रकान्यात सस्कॅचेवान. नावाच्या जागी कारकुनाने फक्त आईचं नाव आणि मुलीचं पाळण्यातलं नाव लिहिलं होतं, आडनाव नव्हतं. म्हणजे मी वाट खोडली, असिनिबोया खोडलं, आणि दगडासाठी यादी करताना अर्धवट नोंद म्हणून ती मुलगीही खोडली. तिन्ही वेळा रेघ अगदी सरळ.

"आता काय करशील?" आजोबांनी विचारलं.

"उद्या सगळ्या वह्या पहिल्या पानापासून काढते."

"आणि त्या समितीला सांगशील की तुझी चूक झाली?"

मी कप विसळायला उठले. आठ वर्षांत मी एकही चूक केली नाही, असं या गावात सगळे म्हणत. मलाही तसंच वाटत होतं.

त्या संध्याकाळी मला माझे वडील आठवले. ते तहसील कचेरीत रेकॉर्ड कीपर होते. कागदांचे बस्ते लाल खारव्याच्या कापडात बांधलेले असत आणि प्रत्येक बस्त्यावर चिठ्ठी. राज्य बदललं की नव्या नावाच्या चिठ्ठ्या लावायच्या. शाळा सुटल्यावर मी कचेरीत जायची, तेव्हा खळीची वाटी धरायला मला बसवत. एकदा मी जुनी चिठ्ठी नखाने खरवडायला लागले. वडिलांनी माझा हात धरला.

"काढायची नाही बेटा. वर लाव. आणि खळ फक्त वरच्या कडेला."

"पण मग ती हलते ना, बाबा."

"हलू दे. कुणाला खालचं बघायचं असलं तर उचलता आली पाहिजे. बस्ता ज्याने पहिल्यांदा बांधला त्याचं नाव खाली आहे."

वऱ्हाडातले काही बस्ते इतके जुने होते की त्यांच्यावर चिठ्ठ्यांची बोटभर जाडी झाली होती. सगळ्यांत खाली वूण जिल्हा. यवतमाळ जिल्ह्याचं ते आधीचं नाव, इंग्रजांनी वऱ्हाड ताब्यात घेतल्यावर पाडलेलं. तोही जिल्हा फार टिकला नाही. माझे पणजोबा त्याच वूण जिल्ह्यात जन्मले होते, हे मला त्या चिठ्ठ्यांमुळेच माहीत. बाईंनी वर्गात फिरवलेली वही मी आयुष्यभर लक्षात ठेवली आणि वडिलांनी धरलेला हात विसरले.

दुसऱ्या दिवशी मी म्युझियमच्या बाईंना सगळं सांगितलं. एकदाच, पण पूर्ण.

"यादी तर गेली," त्या म्हणाल्या.

"परत मागवा."

"शुक्रवारी कोरायला घेणार आहेत. हे बघा, कुणाच्या लक्षातही आलं नसतं."

"समोरच्या बाईंच्या आलं. आणि आता माझ्या."

त्यांनी फोन उचलला. मी चार दिवस रोज सकाळी नऊ ते चार बसले. आजोबा डबा आणून देत आणि म्हणत, "कलेक्टर मॅडम, पोळ्या गार होऊन राहिल्या." तीन वह्यांमध्ये वाटेवर, नदीच्या उतारावर, तंबूत, अशा एकोणीस जन्मनोंदी निघाल्या. एकोणीस माणसं मी रकान्यात बसत नाहीत म्हणून बाहेर ठेवली होती. समोरच्या बाईंची आजी दुसऱ्या वहीत होती, पेन्सिलीने लिहिलेली. आईचं नाव जुळलं, महिना जुळला, आणि कडेला तेच वाक्य, आई आणि मूल त्याच दिवशी पुढच्या प्रवासाला निघाली.

गुरुवारी कर्लिंग रिंकच्या वरच्या खोलीत समितीची बैठक झाली. एकोणीस नावं घ्यायला कुणाची हरकत नव्हती. दगडावर जागा होती. अडलं ते ठिकाणावर. अध्यक्ष धान्याच्या कोठारावरून निवृत्त झालेले गृहस्थ आहेत, सज्जन आहेत, मोठ्याने बोलतात.

"नावं घालू या. पण ठिकाण सगळ्यांचं सस्कॅचेवान राहू दे. असिनिबोया नावाचा जिल्हा आता कुठे आहे? आणि वाट म्हणजे काय पत्ता झाला? बघणारे गोंधळतील. तुमच्याच तक्त्यात सस्कॅचेवान आहे."

"माझा तक्ता चुकलेला आहे," मी म्हटलं. "तेच सांगायला आले आहे."

मग मी पर्समधून माझा जन्मदाखला काढून टेबलावर ठेवला. तुम्हाला तो माहीत आहे, प्लास्टिकमध्ये घातलेला, घड्यांवर फाटत आलेला. मध्यप्रांत व वऱ्हाड असा शिक्का.

अध्यक्षांनी चष्मा वर केला. "हे कुठे आलं?"

"कुठेच नाही. मी एक वर्षाचीही झाले नव्हते तेव्हा बंद झालं. मी तिथे जन्मले."

"मग तुम्ही फॉर्मवर काय लिहिता?"

"रकाना पुरेल तेवढं."

कुणीतरी हसलं. मी पुढे म्हटलं, "मी या देशात आले तेव्हा काउंटरवरच्या मुलाने मला सांगितलं की असं ठिकाण नसतं, बरोबर लिहून आणा. मी बरोबर लिहून नेलं. तो मुलगा चुकला असं मला आजवर वाटत होतं. या तीन वह्यांवर मी त्याच्याच खुर्चीत बसले. या मुलीचा जन्म सस्कॅचेवानमध्ये झाला नाही. सस्कॅचेवान प्रांत तेव्हा नव्हता. ज्याने तिला पाहिलं त्याने शाई गोठलेली असताना पेन्सिल शोधून लिहिलं आहे, वाटेवर, असिनिबोया. तुम्हाला त्याच्यापेक्षा जास्त माहीत असेल तर बदला."

मग अध्यक्षांनी दाखला हलक्या हाताने माझ्याकडे सरकवला. "माझ्या आजोबांच्या बायबलमध्ये घरातल्या जन्मांच्या पानावरही असिनिबोयाच लिहिलंय," ते म्हणाले. "मला वाटायचं, म्हाताऱ्याला स्पेलिंग येत नव्हतं." आणि मत न घेताच त्यांनी लिहून टाकलं की वहीत आहे तसं कोरावं. एकोणिसांचंच नव्हे, सगळ्यांचं.

त्या संध्याकाळी मी रस्ता ओलांडून समोर गेले. बाई पाव भाजत होत्या. मी म्हटलं, "तुमची आजी यादीत होती. मीच तिला काढलं होतं. आता परत घातलं आहे."

त्यांनी ओव्हनचं दार बंद केलं. "तू काढलंस?"

"हो. नीटनेटकेपणासाठी."

"मास्तरीणबाई," त्या म्हणाल्या, "माझ्या फाटकावरची पाटी मी अजून बदललेली नाही, ते बरंच केलं." मग मला खुर्ची दिली, गरम पावाचा तुकडा दिला, आणि वहीच्या पानाची मी काढून आणलेली प्रत दिव्याखाली धरून बराच वेळ बघत राहिल्या. जोडून लिहिलेलं त्यांनाही वाचता येत होतं. शाळेत त्यांनाही टाक धरायला लावला होता. आमच्या दोघींच्या शाळा एकाच साम्राज्याने काढलेल्या होत्या. त्यांची शाळा त्यांच्याशी बरी वागली नाही, ते त्यांनी मला पूर्वी सांगितलं आहे. त्या दिवशी आम्ही तो विषय काढला नाही.

तक्ता मी तसाच ठेवला, फक्त एक रकाना वाढवला. वहीत जसं आहे तसं, असं त्याचं नाव. आजचं नाव त्याच्या वर. खळ वरच्या कडेला.

जूनमध्ये दगड उभा राहिला. वारा एवढा होता की अध्यक्षांचं भाषण कुणाला ऐकू गेलं नाही आणि कुणाची तक्रारही नव्हती. आजोबांनी डासांसाठी बरोबर आणलेला स्प्रे अर्ध्या गावाने वापरला. समोरच्या बाईंची नातवंडं, पतवंडं, दूरदूरचे भाचे, असे तीसेक जण आले होते. बाईंनी मला हाताने ओढत पुढे नेलं.

"तू वाच. मोठ्याने. या सगळ्यांना ऐकू दे."

मी वाचलं. आजीचं नाव, आईचं नाव, वाटेवर, असिनिबोया. चाररेघी वहीतल्या इंग्रजीने, जेवढं स्पष्ट येतं तेवढं. इतकी वर्षं मी पुष्कळ ठिकाणी मोठ्याने वाचलं आहे, शाळेत, कॉलेजात, तुमच्या आईबाबांच्या लग्नांत. एवढ्या अभिमानाने कधी वाचलं नसेल.

बाईंनी कोरलेल्या अक्षरांवर अंगठा फिरवला. मग मागे वळून सगळ्यांत लहान पतवंडाला म्हणाल्या, "बघ. आजी रचून सांगत नव्हती."